चिमाजीच्या गाडीतला माल

कुठल्या तालुक्याची कचेरी ते सांगत नाही. तिथले दोघेतिघे अजून पेन्शन घ्यायला बँकेत येतात, मला पाहून हात करतात, उगाच कशाला त्यांच्या म्हातारपणाला त्रास. एवढंच सांगतो की भोसरीहून नाशिक रस्त्याने चाकणच्या बाजूला जाणाऱ्या गाड्या तिथे अडवून आणल्या जायच्या, आवारात एक चिंच होती, आणि त्या चिंचेखाली वीस वर्षं माझं टेबल होतं. मी कोंडीराम, अर्ज लिहिणारा. लोक रायटर म्हणायचे.

माझं अक्षर फार चांगलं होतं. हे मीच सांगतो, कारण सांगणारे आता राहिले नाहीत. एक मामलेदार म्हणायचे, कोंडीरामचा अर्ज वाचायला मला चष्मा लागत नाही. पण मला अक्षराची एवढी घमेंड का होती, त्याचं कारण निराळं आहे. माझ्या बापाने जन्मभर दुसऱ्यांनी लिहिलेल्या कागदांवर अंगठे उठवले. कागदात काय आहे ते त्याला कुणी वाचून दाखवलं नाही. असाच एक अंगठा उठवला आणि आमची ओढ्याकाठची जमीन गेली. मी सातवी पास झालो, घरातला पहिला, तेव्हाच ठरवलं की वाचून दाखवल्याशिवाय कुणाचा अंगठा घ्यायचा नाही. हा नियम मी एकदाही मोडला नाही, चिमाजीच्या बाबतीतसुद्धा नाही. नियम पाळूनही माणूस केवढी माती खातो, ते पुढे येईलच.

चिमाजी माझ्याकडे आला तो अठ्ठ्याहत्तरच्या ऑगस्टात. चाळिशीचा असेल. मूळचा माणदेशातला. बहात्तरच्या दुष्काळात सरकारी कामावर खडी फोडली, तिथून बायकोला घेऊन इकडे आला आणि आकुर्डीच्या बाजूला एका कारखान्यात प्रेसवर लागला. पाच वर्षांनी त्या प्रेसने त्याच्या उजव्या हाताची मधली तीन बोटं घेतली. कंपनीने भरपाई दिली आणि घरी बसवलं. त्या भरपाईत त्याने एक जुना ट्रक घेतला. त्याला तो ‘तीन बोटांची गाडी’ म्हणायचा आणि वर हसायचा, की पाचही गेली असती तर दोन गाड्या आल्या असत्या. त्याच्या हसण्याने मला कसंतरी व्हायचं, पण हसायचा तो मनापासून. गाडी चालवायला त्याने भैरू नावाचा ड्रायव्हर ठेवला होता, आणि स्वतः शेजारी बसून जायचा.

तर झालं असं. भोसरीत एका कारखान्याची जुनी शेड पाडून नवा पाया खोदत होते. तिथला राडारोडा भरून चिमाजीची गाडी चाकणला निघाली होती, एकाच्या खोलगट प्लॉटात भर टाकायला. गायरानाच्या टेकडीवरून चोरून मुरूम नेणाऱ्यांना धरा, असा त्या महिन्यात वरून हुकूम सुटला होता. वाटेत तलाठी उभा. त्याने गाडी अडवली, हौद्यावर चढून नुसतं डोकावला. वरचा थर मातीचा होता, तांबूस. त्याने पंचनाम्यात लिहिलं, ‘अंदाजे दोन ब्रास मुरूम, परवाना नाही.’ चिमाजी आणि भैरू दोघांनी सांगून पाहिलं की हे पाडलेल्या शेडचं आहे. तलाठी म्हणाला, ते कचेरीत सांगा. गाडी भरलेलीच कचेरीच्या आवारात आणून लावली आणि किल्ली काढून घेतली.

चिमाजी ठेकेदाराकडे धावला, की माल तुमच्याकडचा आहे एवढी चिठ्ठी द्या. ठेकेदाराने हात वर केले. त्याला भीती, की पायाची माती विनापरवाना बाहेर काढली म्हणून आपल्याच अंगावर यायचं. महिन्याभरात तिथे काँक्रीट पडलं आणि ठेकेदार दुसऱ्या गावी कामाला गेला. राहिला काय, तर गाडीतला माल.

ज्यांना ठाऊक नाही त्यांच्यासाठी सांगतो. दगड, वाळू, मुरूम सगळं सरकारचं. परवान्याशिवाय नेलं तर माल जप्त आणि गाडी अडकली. वर पोलिसांनी चोरीचा गुन्हा लावला, म्हणजे गाडी कोर्टाचा मुद्देमाल झाली. ती सोडवायची वाट एकच, सुपुर्तनामा. म्हणजे ‘बोलवाल तेव्हा गाडी हजर करीन’ असं कोर्टात लिहून द्यायचं आणि निकाल लागेपर्यंत गाडी आपल्या ताब्यात घ्यायची. कोर्ट त्याच आवारात, पलीकडच्या इमारतीत. कोर्ट म्हणायचं, कचेरीचं म्हणणं येऊ द्या. कचेरी म्हणायची, प्रकरण कोर्टात आहे, आम्ही काय म्हणणार. दोन्ही दारांत पन्नास पावलांचं अंतर होतं आणि चिमाजी चौदा महिने त्या पन्नास पावलांत फिरत राहिला.

वकील लावायची त्याची ऐपत नव्हती. अर्ज सगळे माझे. गाडीचं आरसी बुक, टॅक्स, चिमाजीची बोटं तुटल्याचा डॉक्टरचा दाखला, असं सगळं जोडून मी एकाहून एक अर्ज लिहिले. प्रत्येक तारखेला चिमाजी कोर्टात उभा राहायचा, मी दाराशी. आधीचे न्यायाधीश कागद बघायचे, ‘म्हणणं आलं नाही’ म्हणायचे आणि पुढची तारीख द्यायचे. ड्रायव्हर भैरूने दोन महिने वाट पाहिली आणि दुसऱ्याची गाडी धरली. त्याचं काही चुकलं नाही.

चिमाजीचं पहिल्या दिवसापासून एकच टुमणं होतं. माल बघा म्हणावं साहेबांना. त्यात विटांचे तुकडे आहेत, सिमेंटच्या ढेपा आहेत, निळा पत्रा आहे. टेकडीच्या पोटात विटा असतात का? मला वैताग यायचा. मी त्याला समजावायचो, बाबा रे, साहेब लोक खुर्चीतून उठत नाहीत, ते कागद बघतात, आणि कागदाचं माझ्यावर सोड. मला खरंच तसं वाटायचं. तीन तीन पानांचे अर्ज लिहिले मी, आणि त्यात मालाची एक ओळ, तीही शेवटी.

गाडी आवाराच्या कोपऱ्यात उभी होती. पावसाळ्यात मालावर गवत उगवलं. कुणाची तरी शेळी मागच्या फाळक्यावर पाय ठेवून ते खायची. चिमाजी दर तारखेला गाडीपाशी जायचा, पण शिपाई हात लावू द्यायचा नाही. तो खाली वाकून चाकांवरचे स्प्रिंगचे पाटे बघायचा. भार घेऊन गाडी एवढे दिवस उभी राहिली तर पाटे बसतात, ही त्याची काळजी. त्याची बायको यशोदाबाई एकदा सोबत आली होती. ती चाकणच्या बाजारात कांदा निवडायला जायची. ती गाडीपाशी गेलीच नाही, चिंचेखाली बसून लांबूनच बघत राहिली.

पहिला दसरा आला तेव्हा ते दोघं नवराबायको हार, नारळ घेऊन फाटकाशी आले होते. सुट्टीचा दिवस. शिपायाने आत सोडलं नाही. फाटकाला हार बांधून ते परत गेले. त्या वर्षी यशोदाबाईला मोठं दुखणं आलं, पुढे तिसऱ्या महिन्यात घराचं छप्पर उडालं, आणि त्या सगळ्याचं खापर तिने त्या न झालेल्या पूजेवर फोडलं. गाडी दसऱ्याला धुतली नाही, तिला हळदकुंकू लागलं नाही, मग ती घरी कशी येईल? दुसरा दसरा जवळ आला तसा चिमाजी माझ्यामागे लागला. म्हणाला, सुपुर्तनाम्याचं राहू द्या, आधी मला पूजेची परवानगी काढून द्या.

आमच्यात गाड्याघोड्यांची पूजा नाही. आमचा दसरा निराळा, त्या दिवशी आम्ही पांढरे कपडे घालून वंदनेला जातो. पण मी अर्ज लिहिणारा. कुणाचा देव खरा हे माझ्या टेबलावर ठरत नव्हतं. मी कागद पुढे ओढला आणि आधी सवयीप्रमाणे अव्वल कारकून उद्धवरावांना भेटून आलो. मोठा अर्ज असला की मी त्यांचा कल घेऊन यायचो. वाईट माणूस नव्हता तो. सव्वीस वर्षं त्याच खुर्चीत बसून त्यांचं शरीर आणि मन दोन्ही खुर्चीच्या मापाचं झालं होतं. त्यांना कल्पना आवडली. नाहीतरी पावसाने फाटकापाशी चिखलाचं तळं झालं होतं, मामलेदारांची जीप दोनदा रुतली होती. ते म्हणाले, गाडी धुवायची तर खाली करावी लागेल, मग माल फाटकातच टाका, तेवढाच खड्डा भरेल. अर्ज आणा, आजच्या आज सही घेतो. आणि मी दाराशी पोचलो तेव्हा मागून म्हणाले, "कोंडीराम, शब्द पंचनाम्याशी जुळव हं. नाहीतर तिकडे एक नि इकडे एक, अर्ज परत येईल."

हे मला सांगायची गरज नव्हती. कचेरीत शब्द जुळला पाहिजे, हे तर माझ्या धंद्याचं पहिलं अक्षर. उताऱ्यात रामा असेल आणि अर्जात रामचंद्र, तर अर्ज परत. म्हणून मी लिहिलं, ‘सदर वाहनातील मुरूम खाली करून वाहन स्वच्छ धुण्यास व दसऱ्यानिमित्त पूजा करण्यास परवानगी मिळावी.’ मग नियमाप्रमाणे मोठ्याने वाचून दाखवलं.

चिमाजी मुरूम या शब्दावर अडला.

"मुरूम न्हाई वो त्यो," तो म्हणाला.

"मला माहीत आहे. पण पंचनाम्यात मुरूम आहे. शब्द जुळला नाही तर अर्ज परत येईल."

"पर आपुनच कसं म्हनायचं?"

"तुला पूजा करायची आहे ना?"

त्याला पूजा करायची होती. मी शाईचा डबा पुढे केला, त्याने डाव्या हाताचा अंगठा उठवला. तासाभरात परवानगी हातात आली. चौदा महिन्यांत कचेरीने त्याचा मंजूर केलेला हा पहिला अर्ज. चिमाजीचे डोळे भरून आले, आणि मी, खरं सांगतो, घरी जाईपर्यंत मनातल्या मनात स्वतःची पाठ थोपटत होतो.

दसऱ्याच्या आदल्या दिवशी चिमाजीने शेजारचे चार जण आणले. गाडी चालू होत नव्हती, म्हणून पाट्या भरभरून माल कोपऱ्यातून फाटकापर्यंत वाहिला. शिपाई उभा राहून दाखवत होता, इथे टाका, तिथे पसरा. दुपारपर्यंत फाटकाचा चिखल बुजला. संध्याकाळी मामलेदारांची जीप त्यावरून न अडखळता गेली. मग चिमाजीने आवारातल्या हापशावरून बादल्या आणून गाडी धुतली. हौदा आतून खरडून खरडून धुतला. एक खडासुद्धा शिल्लक ठेवला नाही त्याने. सणाची गाडी, तिच्यात घाण कशी ठेवायची?

दसऱ्याला मी वंदनेहून तसाच पांढऱ्या कपड्यांत निघालो. माझी बायको सोजरबाई म्हणाली, त्यांच्या पूजेला तुमचं काय काम. म्हटलं, अर्ज माझा आहे. गाडीला झेंडूचा हार घातला होता, काचेवर कुंकवाची बोटं ओढली होती. चाकाखाली लिंबू ठेवलं, पण गाडी चालल्याशिवाय लिंबू फुटणार कसं? एक टायर बसलेलाच होता. तेव्हा आम्ही सगळे मागे लागलो, मीसुद्धा, आणि रेटून रेटून गाडी वीतभर पुढे घेतली. लिंबू फुटलं. यशोदाबाई त्या दिवशी पहिल्यांदा हसली. तिने मला ओंजळभर साखर-खोबरं दिलं. आता गाडी घरी येईल, म्हणाली, आणि मी म्हटलं, येईल.

दिवाळीच्या सुट्टीनंतर कोर्टात नवे न्यायाधीश आले. तरुण होते, बारीक चणीचे, कमी बोलणारे. चिमाजीचं प्रकरण पुकारलं. त्यांनी कागद चाळले, आरसी बुक पाहिलं, माझा अर्ज पाहिला. तिसऱ्या पानावरच्या शेवटच्या ओळीशी थांबले. ती ओळ त्यांनी दोनदा वाचली असावी. मग त्यांनी चिमाजीला विचारलं, गाडीत मुरूम नव्हताच, असं तुझं म्हणणं आहे? चिमाजी म्हणाला, व्हय साहेब, इटा हायत, सिमेट हाय.

"गाडी कुठे आहे?"

"हितंच हाय. आवारात."

न्यायाधीशांनी पेन खाली ठेवलं. "चला, माल बघू," म्हणाले आणि खुर्चीतून उठले.

वीस वर्षांत मी साहेब खुर्चीतून उठलेला पाहिला तो एवढाच. ते काळ्या कोटात पायऱ्या उतरून पुढे, मागे पट्टेवाला, मागे चिमाजी, मागे मी. चिमाजी काय समजायचं ते अजून समजला नव्हता. त्याच्या चेहऱ्यावर आनंद होता. शेवटी कुणीतरी बघायला चाललं होतं. गाडीपाशी पोचेपर्यंत त्याला सुचलंच नाही की गाडी रिकामी आहे.

गाडी स्वच्छ उभी होती. वाळलेला हार पुढच्या जाळीवर तसाच होता. न्यायाधीश टायरवर पाय देऊन वर चढले, हौद्यात पाहिलं, खाली उतरले. हाताला लागलेला गंज झटकला.

"माल कुठे आहे?"

उद्धवरावांना बोलावणं गेलं. ते फाइल घेऊन आले आणि त्यांनी माझा अर्ज काढून दिला. न्यायाधीशांनी तिथेच उभ्या उभ्या तो मोठ्याने वाचला. माझ्या अक्षराला ते कुठेही अडखळले नाहीत. ‘सदर वाहनातील मुरूम खाली करून.’ मग चिमाजीकडे बघून विचारलं, "हा अंगठा तुझा?"

"व्हय."

"वाचून दाखवलं होतं तुला?"

इथे चिमाजीने नुसतं नाही म्हटलं असतं तर बरंच काही वाचलं असतं. अडाणी माणूस, रायटरने काय लिहिलं त्याला ठाऊक नाही, असं म्हणून तो कागद बाजूला पडला असता. मी गेलो असतो कामातून, पण गाडीची वाट थोडी तरी उघडी राहिली असती. त्याने माझ्याकडे पाहिलं. मला वाटत होतं त्याने नाही म्हणावं, आणि तो नाही म्हणेल याची भीतीही वाटत होती. दोन्ही एकाच वेळी. मी लपवत नाही.

"व्हय साहेब," चिमाजी म्हणाला. "वाचून दावलं व्हतं. रायटर वाचल्याबिगर अंगठा घेत न्हाईत."

शब्द माझा होता, त्याने हरकत घेतली होती, असं मी त्याच क्षणी पुढे होऊन म्हणायला हवं होतं. मी म्हटलं नाही. तेवढ्यात न्यायाधीश परत चालू लागले.

तेव्हा कुठे चिमाजीच्या ध्यानात आलं. तो धावत त्यांच्या पुढे फाटकापाशी गेला आणि खाली बसला. एवढ्या दिवसांत त्या भरावावरून जीपा, बैलगाड्या, शेकडो माणसं जाऊन तो दगडासारखा बसला होता. चिमाजी अंगठा आणि करंगळी एवढ्याच उरलेल्या हाताने तो उकरू लागला. डावा हातही लावला. विटेचा एक तुकडा निघाला, मग सिमेंटची एक ढेप निघाली. ती दोन्ही तळहातांवर घेऊन तो उभा राहिला. नखातून रक्त येत होतं.

"ही बघा साहेब. ही वीट. ह्ये सिमेट."

न्यायाधीशांनी तो तुकडा हातात घेऊन पाहिला. उद्धवरावांनी हळूच सांगितलं की मागच्याच वर्षी कुंपणाची भिंत नव्याने बांधली, तेव्हाचे तुकडे इथे पुष्कळ पडलेले आहेत. हे खोटं नव्हतं. न्यायाधीशांनी वीट परत चिमाजीच्या हातावर ठेवली. म्हणाले, ही गाडीत असती तर मला बघता आली असती. त्यांच्या आवाजात राग नव्हता, आणि त्याचंच मला जास्त लागलं.

निकाल आठ दिवसांनी लागला. मालाची तपासणी आता शक्य नाही आणि माल मुरूम असल्याचं अर्जदाराने स्वतःच लिहून दिलं आहे, म्हणून सुपुर्तनाम्याचा अर्ज नामंजूर. मुद्देमाल हलू दिला म्हणून कचेरीला ताशेऱ्याची एक ओळ होती. उद्धवरावांनी ती फाइलला लावली आणि पुढे त्याच खुर्चीवरून सुखाने निवृत्त झाले. मी पुण्याच्या कोर्टासाठी अपील लिहिलं, त्यात माझी चूक माझ्या नावानिशी कबूल केली. ते चार महिन्यांनी परत आलं. वरच्या कोर्टाचं म्हणणं, अर्जदाराने आपला कबुलीजबाब आता फिरवू नये. गुन्ह्याचा निकालही त्याच वळणाने गेला, आणि गाडी सरकारजमा झाली.

त्या चार महिन्यांत चिमाजी मला एका शब्दाने बोलला नाही. त्याने शिव्या दिल्या असत्या तर मी ऐकून घेतल्या असत्या. यशोदाबाई मात्र पुन्हा आली नाही. पूजा झाली तरी गाडी घरी आली नाही, याचं तिने काय केलं असेल कोण जाणे. चिमाजी एका खाणीवर कामाला लागला, परवाना असलेल्या, कायदेशीर. तिथे तो ट्रकमध्ये मुरूम भरायचा. फावडं धरताना दांडा घसरतो म्हणून उजव्या मनगटाला फडकं बांधायचा. मला हे त्याने सांगितलं नाही, कचेरीत आलेल्या एका ड्रायव्हरने सांगितलं. त्या दिवशी मी एकही अर्ज लिहिला नाही, टेबल आवरून घरी गेलो.

लिलाव मे महिन्यात झाला. सकाळपासून आवारात भंगारवाले आणि खाणवाले जमले होते. गाडी आता चालणारी नव्हती, लोखंडाच्या भावाने जाणार होती. दहाच्या सुमारास चिमाजी आला. मला वाटलं गाडीपाशी जाईल. तो सरळ चिंचेखाली येऊन माझ्यासमोर बसला.

"अर्ज लिवायचाय," म्हणाला.

मी कागद घेतला. काय लिहायचं ते विचारायची हिंमत होईना. तोच म्हणाला, "या टायमाला मी सांगतो तसंच लिवा, रायटर. शबुद जुळवू नगा."

आणि त्याने सांगितलं. सावकाश, एकेक वाक्य, मधे थांबत. मी त्याच्या तोंडचे शब्द तसेच उतरवले, काना-मात्रासुद्धा सुधारली नाही. ‘गाडीत मुरूम न्हवता. भोसरीच्या पाडलेल्या शेडाचा राडारोडा व्हता. इटा व्हत्या, सिमेट व्हतं, पत्र्याचा एक तुकडा व्हता निळ्या रंगाचा. मी पयल्या दिसापासनं सांगत व्हतो. कुनी बघितलं न्हाई. मी चोरी केल्याली न्हाई.’

कोपऱ्यातून लिलावाचे आकडे ऐकू येत होते. चिमाजीने तिकडे मान वळवली नाही.

"कुणाच्या नावाने लिहू?" मी विचारलं. "कोर्ट की मामलेदार?"

त्याने जरा विचार केला. "कुनाच्याबी नगं."

मी वाचून दाखवलं. सगळं, पहिल्यापासून. त्याने डोळे मिटून ऐकलं आणि मान हलवली. व्हय, आसंच, म्हणाला. मग त्याने अंगठा उठवला, चिंचेच्या बुंध्याला शाई पुसली, आणि कागद माझ्याकडे सरकवला. तुमच्यापाशी ठिवा, एवढंच बोलला. फाटकातून जाताना तो त्या भरावावर पाय न देता कडेकडेने गेला.

त्यानंतर मी त्याला पाहिलं नाही. कागद अजून माझ्या ट्रंकेत आहे, बापाच्या जमिनीच्या कागदांबरोबर ठेवलेला. कधीकधी काढून वाचतो. अक्षर काही चांगलं आलेलं नाही.